कूटशासन : खोट्या मागणीचा जुना व नवा न्याय



सरकारी साहाय्यासाठीं जो अर्ज करावा लागतो, त्याच्या अखेरीस 'वरील माहिती खरी आहे' अशा अर्थाचें एक वाक्य बहुधा असतें. सही करतांना तें मन लावून वाचणारा मनुष्य विरळा. परंतु त्या एका ओळीमागें शतकानुशतकांचा इतिहास उभा आहे. त्यांतील तीन टप्पे आज आपणांपुढें ठेवावयाचे आहेत.

प्राचीन काळीं राजाश्रयाचें एक मोठें साधन म्हणजे भूमिदान. दानाचें शासन वस्त्रावर किंवा ताम्रपटावर लिहावें, त्यांत पूर्वजांचीं नांवें, दिलेल्या भूमीचें परिमाण व काळ नमूद करावा, आणि वर राजमुद्रा उमटवावी, असें याज्ञवल्क्यानें सांगितलें आहे. एवढी दक्षता कशासाठीं? जेथें लाभ तेथें लबाडी, हें आपले शास्त्रकार पुरतें ओळखून होते. बनावट राजशासनास त्यांनीं 'कूटशासन' असें नांव दिलें. तें करणारास याज्ञवल्क्य सर्वांत जबर दंड सांगतो, तर मनु थेट देहान्ताची शिक्षा सांगतो.

हें केवळ पोथींतलें नव्हे. उत्तर प्रदेशांतील मधुबन येथें १८८८ सालीं सम्राट् हर्षवर्धनाचा एक ताम्रपट सांपडला. त्याचा काळ सुमारें इ. स. ६३१. सोमकुंडका नांवाचें गांव वामरथ्य नामक ब्राह्मण कूटशासनाच्या आधारें उपभोगीत होता, असें त्यांत म्हटलें आहे. हर्षानें तें शासन मोडून टाकलें, गांव परत घेतलें आणि तें वातस्वामी व शिवदेवस्वामी या दोन विद्वान् ब्राह्मणांस दिलें. येथें एक गोष्ट लक्षांत घ्यावी. ताम्रपटांत भर आहे तो अपराध्याच्या शासनावर नव्हे, तर लाभ परत घेऊन तो दुसऱ्याच्या हातीं देण्यावर. खोट्या कागदानें मिळविलेला हक्क हा मुळांत हक्कच नव्हे, हें तत्त्व तेराशें नव्वद वर्षांपूर्वीं इतकें स्पष्ट होतें!

दुसरा टप्पा आपल्या महाराष्ट्रांतला. १८१८ सालीं पेशवाई बुडाली आणि इनाम जमिनींचे असंख्य दावे इंग्रज सरकारपुढें आले. कोणाची सनद खरी, कोणाची बनावट? याच्या निवाड्यासाठीं १८५२ च्या अकराव्या कायद्यानें इनाम कमिशनला अधिकार देण्यांत आले. पुण्याचें पेशवे दप्तर उघडून सनदा ताडून पाहिल्या जाऊं लागल्या. लबाडाचें पितळ उघडें पडावें हें योग्यच; पण पिढ्यान् पिढ्या प्रामाणिकपणें जमीन भोगणाऱ्या, परंतु आगींत, पुरांत वा धामधुमींत कागद गमावलेल्या घराण्यांच्या पोटांतही धस्स झालें. असंतोष एवढा वाढला कीं १८६३ च्या कायद्यांनीं सरकारनें निराळा मार्ग काढला. आकारणीचा साधारणतः चौथा हिस्सा जुडी म्हणून भरावा आणि चौकशीवांचून इनाम कायम करून घ्यावें, अशी ती तडजोड होती. कागद नसणें व कागद खोटा असणें या दोन गोष्टी एक नव्हेत, हा धडा त्या प्रकरणानें शिकविला.

तिसरा टप्पा आधुनिक कायद्याचा. १८६० ची दंडसंहिता १ जानेवारी १८६२ पासून अंमलांत आली. अधिकाऱ्यानें करूं नये तें करावें म्हणून त्यास जाणूनबुजून खोटी माहिती देणें, हा तिच्या १८२ व्या कलमान्वयें गुन्हा ठरला. फसवून मालमत्ता मिळविणें ४२० व्या कलमाखालीं आलें आणि त्यास सात वर्षांपर्यंत कैद ठरली. १ जुलै २०२४ पासून तिची जागा भारतीय न्याय संहितेनें घेतली आहे. तींत पहिल्या गुन्ह्याची कैद सहा महिन्यांवरून एक वर्षापर्यंत वाढली. फसवणुकीची सात वर्षांची मर्यादा कायम आहे.

जातीच्या खोट्या दाखल्यांसाठीं महाराष्ट्रानें २००१ सालीं स्वतंत्र कायदा अंमलांत आणला. दाखला खोटा ठरल्यास नोकरी, पदवी, शिष्यवृत्ति, निवडून आलेलें पद, सारें जातें. शिवाय सहा महिन्यांपासून दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी, किंवा दंड, किंवा दोन्ही शिक्षा होऊं शकतात. या कायद्याचा अर्थ लावतांना सर्वोच्च न्यायालयानें २०१७ सालीं एक मार्मिक भेद केला. लाभ काढून घेण्यासाठीं अर्जदाराचा हेतु दुष्ट होता हें सिद्ध करावें लागत नाहीं. तुरुंगांत धाडण्यासाठीं मात्र तें सिद्ध करावें लागतें.

हा भेद मला फार मोलाचा वाटतो. चुकून मिळालेलेंही जें आपलें नव्हे तें परत गेलें पाहिजे, कारण त्या जागेवर दुसऱ्या कोणाचा तरी खरा हक्क होता. शिक्षा मात्र मनांतल्या कपटालाच व्हावी. राजाचा खजिना अपार असतो, त्यांतून चिमूटभर घेतल्यानें कोणाचें काय बिघडतें, असें म्हणणारे सर्वकाळीं असतात. पण शिष्यवृत्ति एक आणि अर्जदार दहा असतात, तेव्हां खोटी सही खजिन्याला लुटीत नाहीं. ती रांगेंत मागें उभ्या असलेल्या एखाद्या गरीब मुलाला लुटते. तो मुलगा कोण, हें सही करणाऱ्यास कधींच कळत नाहीं, आणि म्हणूनच तें पाप इतकें हलकें वाटतें. त्या न दिसणाऱ्या मुलाचा कैवार घेणें, हेंच या सर्व कायद्यांचें खरें काम आहे.