चारठाण्याचा स्तंभ आणि ‘मान’ शब्दाचे अर्थ

शब्दाचा अर्थ ठरविणें हें कोशकारांचें काम, असें आपण सामान्यतः समजतों. परंतु केव्हां केव्हां एका शब्दाचा अर्थ ठरविणें म्हणजे एखाद्या वास्तूचा इतिहासच ठरविणें होऊन बसतें. ‘मानस्तंभ’ हा तशांपैकीं एक शब्द आहे. जैन समाजाबाहेर तो फारसा कोणाच्या कानांवर पडत नाहीं. आणि ज्यांच्या पडतो, त्यांतील पुष्कळजण ‘मानाचा स्तंभ’, म्हणजे कोणाच्या तरी गौरवासाठीं उभारलेला खांब, असा त्याचा अर्थ करून मोकळे होतात. हा अर्थ मूळ अर्थाच्या अगदीं उलट आहे. तो कसा, आणि त्यावांचून आपलें काय अडतें, हें आज सांगावयाचें आहे.

परभणी जिल्ह्याच्या जिंतूर तालुक्यांत चारठाणा नांवाचें गांव आहे. यादवकालीन देवळांच्या अवशेषांसाठीं हें गांव जाणत्यांना परिचित आहे. गोकुळेश्वराचें देऊळ आणि तेथील पायऱ्यापायऱ्यांची पुष्करणी पाहिली, म्हणजे त्या काळच्या शिल्पकारांचा हात किती सफाईचा होता याची साक्ष पटते. याच गांवांत एक उंच कोरीव दगडी स्तंभ उभा आहे. त्याला कोणी दीपमाळ किंवा दीपस्तंभ म्हणतात, कोणी विजयस्तंभ म्हणतात, तर कोणी मानस्तंभ म्हणतात. दगड एक आणि नांवें तीन! ऐकणाऱ्याला हा नुसता बोलण्यांतला फरक वाटेल. पण तसें नाहीं. दीपमाळ म्हटलें कीं तो खांब एखाद्या देवाच्या उत्सवाशीं जोडला जातो. विजयस्तंभ म्हटलें कीं त्याच्यामागें एखादा राजा आणि एखादी लढाई उभी करावी लागते. मानस्तंभ म्हटलें कीं तो जैन मंदिराच्या अंगणांत जाऊन बसतो. म्हणजे नांव उच्चारतांच आपण निवाडा देऊन टाकतों, आणि तोहि पुरावा न तपासतां.

आतां प्रथम धर्मग्रंथांतला अर्थ पाहूं. तीर्थंकराला केवलज्ञान झाल्यावर त्याच्या उपदेशासाठीं देव जी सभा रचतात तिला जैन परंपरेंत ‘समवसरण’ म्हणतात. त्या सभेंत देव, मनुष्य आणि पशु या सर्वांना जागा असते. आणि सभेच्या वाटेवर चारी दिशांना चार स्तंभ असतात. ते पाहतांच पाहणाऱ्याचा ‘मान’, म्हणजे गर्व, जागच्या जागीं थांबतो. म्हणून ते मानस्तंभ. येथें ‘स्तंभ’ या शब्दांतहि नुसता खांब नाहीं, स्तंभित करणें आहे. क्रोध, मान, माया आणि लोभ हे जैन दर्शनांतले चार कषाय. त्यांतला दुसरा कषाय या खांबापाशीं उतरवून ठेवावयाचा, मग आंत पाऊल टाकावयाचें. इंद्रभूति गौतम नांवाचा विद्वान् ब्राह्मण महावीरांशीं वाद करण्याच्या ईर्ष्येनें आला, मानस्तंभ दिसतांच त्याचा अभिमान गळून पडला, आणि तोच पुढें महावीरांचा पहिला गणधर झाला, अशी दिगंबर परंपरेंतील कथा आहे. तेव्हां मानस्तंभ हा मान देण्याचा खांब नसून मान टाकण्याचा खांब आहे. श्रवणबेळगोळ, मूडबिद्री, कारकळ येथें असे स्तंभ आहेत. आणि आपल्या वेरूळास बत्तिसाव्या लेण्यांत, ज्याला इंद्रसभा म्हणतात त्याच्या अंगणांत, अखंड दगडाच्या हत्तीबरोबर असाच एक स्तंभ कोरलेला आहे.

हा झाला धर्मांतला मान. शास्त्रांतला मान निराळा. तेथें मान म्हणजे माप. शिल्पशास्त्रावरील एका प्रसिद्ध ग्रंथाचें नांवच ‘मानसार’ आहे. त्यांत मूर्तीच्या मोजणीचे मान, प्रमाण, परिमाण, लंबमान, उन्मान आणि उपमान असे सहा प्रकार दिले आहेत; उंची निराळी, रुंदी निराळी, घेर निराळा, ओळंब्यानें घेतलेलें माप निराळें. शिल्पी दगडास टांकी लावण्यापूर्वीं हें मान घेतो. तें चुकलें तर मूर्ति पूजेस अयोग्य ठरते. आणि मौज अशी कीं, ज्या जैन परंपरेनें मान हा कषाय म्हणून त्याज्य ठरविला, तिच्याच अनुयोगद्वारसूत्रांत मान, उन्मान, अवमान, गणिम आणि प्रतिमान असे मोजणीचे भेद सांगितले आहेत. तेथें मान म्हणजे धान्य किंवा रस मापण्याचें माप. एका अर्थानें तो टाकावयाचा, दुसऱ्या अर्थानें तें जपून वापरावयाचें!

मग एकाच शब्दाला हे दोन अर्थ फुटले कसे? खरें म्हणजे ते फुटलेच नाहींत. ते मुळांत दोन शब्द आहेत. गर्व आणि आदर या अर्थाचा ‘मान’ हा ‘मन्’ या धातूपासून, म्हणजे मानणें, समजणें यापासून आला. आणि माप या अर्थाचा ‘मान’ हा ‘मा’ या धातूपासून, म्हणजे मोजणें यापासून आला. दोन नद्यांनीं एका घाटावर यावें आणि पाहणाऱ्यानें एकच पाणी समजावें, तसें हें झालें आहे. अभिमान, अपमान आणि सन्मान हे पहिल्या घरचे. अनुमान, परिमाण आणि विमान हे दुसऱ्या घरचे. ऐकावयास अभिमान आणि अनुमान किती जवळचे वाटतात! पण एकांत माणूस स्वतःला मोठा मानतो, आणि दुसऱ्यांत तो समोरच्या खुणांवरून मोजूनमापून न दिसणाऱ्या गोष्टीपर्यंत पोहोंचतो.

आपल्या मराठीनें हा भेद फार सुंदर रीतीनें राखला आहे. व्याकरणांतल्या लिंगाकडे लक्ष द्या. लग्नकार्यांत ज्यावरून रुसवेफुगवे होतात तो मान पुल्लिंगी. ‘तो मान आमचा’, असें मानकरी म्हणतो. पंचांगांतलें दिनमान, वेधशाळेंतलें तापमान आणि शेतकऱ्याच्या तोंडचें पाऊसमान हें मान नपुंसकलिंगी. आणि जी आपण वर करतों किंवा खालीं घालतों ती मान स्त्रीलिंगी. ही तिसरी मान संस्कृत ‘मन्या’ या शब्दापासून आलेली. मन्या म्हणजे मानेच्या मागची शीर. आयुर्वेदांत मान आखडण्याच्या विकाराला ‘मन्यास्तंभ’ म्हणतात. पहा, मानस्तंभ आणि मन्यास्तंभ या दोन शब्दांत अंतर तें किती थोडें. पण एकानें गर्व थांबतो आणि दुसऱ्यानें मान ताठते! तो मान, ती मान, तें मान: लेखनांत तिघांचें रूप एक, लिंगानें मात्र तिघांची ओळख कायम ठेवली आहे.

धर्म आणि शास्त्र यांतले हे दोन अर्थ एकमेकांचे वैरी होते असें मात्र कोणी समजूं नये. नवव्या शतकांत राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष राज्य करीत होता. त्याची राजधानी मान्यखेट, म्हणजे आज कर्नाटकांतील कलबुर्गी जिल्ह्यांत असलेलें मालखेड. हा राजा जिनसेन आचार्यांना गुरुस्थानीं मानीत असे. जिनसेनांच्या आदिपुराणांत समवसरणाचें आणि मानस्तंभांचें वर्णन आहे. आणि याच राजाच्या काळीं, सुमारें इसवी सन ८५० च्या सुमारास, महावीराचार्य या जैन गणित्यानें ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. ग्रंथारंभीं त्यानें तीर्थंकर महावीरांस वंदन केलें, अमोघवर्षाची स्तुति केली, आणि नंतर परमाणूपासून चढत चढत अंगुलापर्यंत व पुढें, तसेंच काळ, धान्य, सोनें आणि रुपें यांच्या मोजणीच्या परिभाषा दिल्या. वैद्यकांत, वास्तुविद्येंत, फार काय पाकशास्त्रांतहि गणितावांचून चालत नाहीं, असें तो आवर्जून सांगतो. एका राजाच्या छत्राखालीं एक आचार्य गर्व सोडण्याचा स्तंभ वर्णीत होता आणि दुसरा मोजण्याची विद्या शिकवीत होता. आणि दोघेहि एकाच जिनाचे उपासक होते. एकाला दुसऱ्याची अडचण वाटल्याचें दिसत नाहीं.

युरोपांतल्या शास्त्राच्या इतिहासांतहि एक स्तंभ आहे, आणि तो या ठिकाणीं आठवल्यावांचून राहत नाहीं. तोरिचेल्ली या इटालियन शास्त्रज्ञानें १६४३ सालीं कांचेच्या नळींत पारा भरून ती पाऱ्याच्याच भांड्यांत उपडी उभी केली. पारा सर्व खालीं आला नाहीं. सुमारें ७६ सेंटिमीटर उंचीवर थांबला. बाहेरच्या हवेच्या भारानें तो तोलून धरला होता. पांच वर्षांनीं, १६४८ सालीं, पास्काल याच्या सूचनेवरून त्याच्या मेहुण्यानें तीच नळी फ्रान्समधील प्वी-द-डोम नांवाच्या डोंगरावर नेली, तेव्हां वर जावें तसा पारा उतरत गेला. मराठी विज्ञानग्रंथ याला ‘पाऱ्याचा स्तंभ’ म्हणतात. अक्षरशः अर्थ केला तर हाहि मानस्तंभच. हवेचें मान दाखविणारा. आपल्या देशांत १८७५ सालीं हवामान खातें निघालें, त्याच्या कामांत याच स्तंभाचें वाचन रोजचें झालें. ‘हवामान’ हा शब्दहि पहा: पहिला तुकडा अरबी, दुसरा संस्कृत, आणि जोड मराठी.

आतां पुन्हां चारठाण्याच्या स्तंभाकडे येऊं. तीन नांवांतून निवड कशी करावी? दीपमाळेला दिवे ठेवण्यासाठीं बाहेर काढलेले दगड किंवा कोनाडे लागतात. विजयस्तंभ म्हणावयाचें तर विजय कोणाचा, हें सांगणारा लेख किंवा दुसरें साधन पाहिजे. चितोडच्या गडावर राणा कुंभाचा विजयस्तंभ आहे आणि त्याहून जुना असा जैनांचा कीर्तिस्तंभहि आहे. दोन्ही उंच, दोन्ही कोरीव, पण त्यांवरील मूर्ति आणि लेख यांनीं दोहोंचा घोटाळा होऊं दिला नाहीं. मानस्तंभाच्या माथ्यावर बहुधा चारी दिशांना तोंड केलेल्या जिनमूर्ति असतात, आणि तो जिनालयाच्या समोर उभा असतो. उत्तर प्रदेशांत कहौम येथें स्कंदगुप्ताच्या काळचा, इसवी सन ४६० चा, स्तंभ आहे. त्याच्यावर पांच जिनमूर्ति आहेत व लेखांत साल आणि दात्याचें नांव आहे. त्यामुळें तो कोणाचा हा वादच उरत नाहीं. उलट चौदाव्या शतकांत सुलतान फिरोजशहा तुघलक यानें अशोकाचा स्तंभ तोपऱ्याहून दिल्लीस आणविला, तेव्हां त्यावरील लिपि कोणासच वाचतां येईना. लोक त्याला भीमाची काठी म्हणत. १८३७ सालीं जेम्स प्रिन्सेप यानें ती लिपि उलगडली, तेव्हां काठी गेली आणि धर्माज्ञा हातीं आली.

जिंतूर परिसराला जैन परंपरा अपरिचित नाहीं. जिंतूरजवळ नेमगिरीचें जैन तीर्थ आहे. परंतु तेवढ्यावरून चारठाण्याचा स्तंभ जैनांचा म्हणून मोकळें होणें हा जसा उतावीळपणा, तसाच गांवांत शिवालयें आहेत म्हणून तो दीपस्तंभच, असें म्हणणेंहि उतावीळपणाच. स्तंभाची उंची, घेर, थरांची मांडणी, त्यावरील प्रत्येक मूर्तीचें लांछन, आणि जवळच्या देवळाच्या दाराशीं त्याचें अंतर व दिशा, हें सर्व मोजून, रेखाटून आणि शेजारच्या यादवकालीन खांबांशीं ताडून पाहावें. मग नांव द्यावें. हें काम कोणा एका समाजाचें नाहीं. मराठवाड्यांतील कितीतरी गांवांच्या वेशींवर असे खांब, वीरगळ आणि भंगलेल्या मूर्ति पडून आहेत, आणि त्यांना मिळालेलीं नांवें कोणाच्या ना कोणाच्या अभिमानानें दिलेलीं आहेत. अभिमान वाईट नव्हे. त्यामुळें निदान दगड जपले जातात. परंतु तो मोजणीच्या आधीं आला, कीं शेजाऱ्याचा इतिहास पुसून आपला लिहिण्याचा मोह होतो.

‘मानस्तंभ’ हा शब्द त्या मोहावर औषध म्हणून लक्षांत ठेवण्यासारखा आहे. धर्माचा अर्थ सांगतो, येथें आपला मान उतरवून ठेवा. शास्त्राचा अर्थ सांगतो, येथें मान घ्या, म्हणजे मोजा. चारठाण्याच्या स्तंभाचें नांव कांहींहि ठरो, त्याच्यापुढें उभें राहणाराला या दोन्ही आज्ञा पाळतां येतात, आणि त्या याच क्रमानें पाळाव्या लागतात.