वरळीतली ती रात्र आणि कंबरेखालचा एक ठोसा

गंगापूरहून वाळूजला शिफ्टला निघालेले, कानात इअरफोन घातलेले, सगळ्यांचं स्वागत. आजची गोष्ट तशी जुनी नाही, पण विसरली गेलीय. ५ ऑगस्ट २०१७. मुंबईत वरळीचं सरदार वल्लभभाई पटेल इनडोअर स्टेडियम. कार्यक्रमाचं नाव ‘बॅटलग्राउंड एशिया’. मुख्य लढत भारताचा विजेंदर सिंग विरुद्ध चीनचा झुल्पिकार मैमैतियाली.

आता तारीख नीट बघा. १६ जून २०१७ पासून डोकलामच्या पठारावर भारत आणि चीनचे सैनिक समोरासमोर उभे होते. चीनने तिथे रस्ता बांधायला घेतला होता, भूतान त्या जमिनीवर हक्क सांगतो, म्हणून भारताने आपलं सैन्य मध्ये घातलं. सगळा देश श्वास रोखून बसलेला. आणि नेमक्या त्याच दिवसांत मुंबईत एक भारतीय आणि एक चिनी बॉक्सर रिंगमध्ये उतरणार! मग काय, टीव्हीवर बॉक्सिंग बाजूलाच राहिलं, जणू सीमेवरचा हिशोब वरळीतच चुकता होणार होता.

पण त्या रात्री खरंच काय झालं, ते समजून घ्यायचं तर आधी या खेळाचा हिशोब कळायला हवा.

आपल्याकडे जत्रेच्या फडात पैलवानांची जोड नजरेने लावतात. जाणती माणसं अंगकाठी बघतात, हात मिळवून देतात आणि हलगी सुरू. व्यावसायिक बॉक्सिंगमध्ये जोड लावतो वजनकाटा. लढतीच्या आदल्या दिवशी वजन होतं आणि प्रत्येक गटाची मर्यादा ठरलेली असते. सर्वांत हलक्या गटांपैकी एक फ्लायवेट, ५०.८ किलो. वेल्टरवेट ६६.७ किलो. विजेंदरचा सुपर मिडलवेट ७६.२ किलो. गट वेगळा म्हणजे किताब वेगळा, पट्टाही वेगळा.

विजेंदरकडे तेव्हा डब्ल्यूबीओ या संघटनेचा आशिया-पॅसिफिक किताब होता. तो त्याने जुलै २०१६ मध्ये दिल्लीत केरी होपला हरवून मिळवला होता. झुल्पिकारकडे त्याच संघटनेचा ओरिएंटल किताब होता. वरळीत दोन्ही पट्टे पणाला लागले, जो जिंकेल तो दोन्ही नेणार.

लढत दहा फेऱ्यांची. प्रत्येक फेरीत तीन पंच गुण देतात. फेरी जिंकणाऱ्याला १०, हरणाऱ्याला साधारण ९. म्हणजे एका फेरीत दोघांचे मिळून १९, आणि दहा फेऱ्यांचे १९०. हा आकडा डोक्यात ठेवा, आपल्याला पुढे लागणार आहे.

लढत काही एकतर्फी झाली नाही. झुल्पिकार वयाने बराच लहान, दमाचा, पुढे पुढे येणारा. त्याचे ठोसे वारंवार कंबरेखाली लागत होते. बॉक्सिंगमध्ये पट्ट्याच्या खाली मारणं नियमबाह्य आहे. रेफरी आधी ताकीद देतो, आणि तरी ऐकलं नाही तर गुण कापतो. झुल्पिकारचा गुण कापला गेला.

दहा फेऱ्या संपल्या. तिन्ही पंचांचा कौल विजेंदरच्या बाजूने गेला: ९६-९३, ९५-९४, ९५-९४.

आता बेरीज करा. ९५ आणि ९४ म्हणजे १८९. ९६ आणि ९३ म्हणजेही १८९. १९० ला एक कमी! तो हरवलेला एक म्हणजेच झुल्पिकारचा कापलेला गुण. तो परत जोडून बघा. दोन पंचांकडे ९५-९५ होतं, म्हणजे बरोबरी. तिसऱ्याकडे विजेंदर पुढे राहतो, पण तीनपैकी दोघांकडे बरोबरी असली की लढत बरोबरीत सुटते. कुणीच जिंकत नाही. म्हणजे ज्या निकालाला देशाचा विजय म्हटलं गेलं, तो कंबरेखालच्या ठोशाने गेलेल्या एका गुणावर उभा होता.

यात विजेंदरचं कर्तृत्व कमी होत नाही, बरं का. नियमात राहून लढणं हाही खेळाचाच भाग आहे, आणि तो सलग नववा विजय होता. पण ‘चीनला लोळवलं’ असं म्हणावं, तसं तिथे काही घडलं नव्हतं. दोन बॉक्सर होते, जवळपास तोडीस तोड.

आणि हे सगळ्यात आधी कुणाला कळलं असेल? खुद्द विजेंदरला. लढत संपल्यावर त्याने सांगितलं की आपल्याला सीमेवर तणाव नको, शांतता हवी, आणि त्यासाठी झुल्पिकारचा पट्टा त्याला परत द्यायची आपली तयारी आहे. दहा फेऱ्या मार खाऊन मिळवलेली वस्तू परत द्यायला तयार होणं सोपं नसतं. स्टुडिओत बसून युद्धाच्या गोष्टी करणं त्यापेक्षा खूप सोपं.

या गदारोळात हलक्या गटातली माणसं मात्र झाकली गेली. त्याच रिंगमध्ये त्याच रात्री नीरज गोयतने वेल्टरवेटचा डब्ल्यूबीसी आशिया किताब फिलिपिन्सच्या अ‍ॅलन तनाडाविरुद्ध राखला. अखिल कुमार आणि जितेंदर कुमार यांनी तिथेच व्यावसायिक बॉक्सिंगमध्ये पदार्पण केलं आणि दोघेही जिंकले. हे दोघे कोण? २००८ च्या बीजिंग ऑलिम्पिकमध्ये विजेंदरसोबत उपांत्यपूर्व फेरी गाठलेले. अखिल ५४ किलोत, जितेंदर ५१ किलोत. अखिलने तर तिथे जगज्जेत्या सर्गेई वोदोप्यानोव्हला बाहेर काढलं होतं. पदकापासून दोघेही एकेक विजय दूर राहिले. विजेंदरला कांस्य मिळालं, भारताचं बॉक्सिंगमधलं पहिलं ऑलिम्पिक पदक, आणि तो घराघरांत पोचला. छत्तीस वर्षांचा अखिल वरळीत पहिली व्यावसायिक लढत खेळत होता, तेव्हा चर्चा चालू होती ती डोकलामची.

डोकलामचं पुढे काय झालं? वरळीनंतर तेवीस दिवसांनी, २८ ऑगस्टला, दोन्ही देशांनी सैन्य मागे घ्यायचं ठरवलं. ते वाटाघाटींनी झालं, ठोशांनी नाही.

तर मंडळी, पुढच्या वेळी सामन्याआधी कुणी युद्धाची भाषा करायला लागलं, की निकालाचे आकडे एकदा स्वतः मांडून बघा. भेटू पुढच्या भागात!