वाटाण्याचा कोंब आणि काड्यापेटीतल्या काड्या

मागच्या वेळी काहीजणींनी विचारलं होतं, टीव्हीवरच्या कार्टूनमधली चित्रं हलतात तरी कशी? त्या निमित्ताने आज आपल्याच नाशिक जिल्ह्यातल्या एका घराची गोष्ट सांगतो.

धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे दादासाहेब, १८७० साली त्र्यंबकेश्वरला जन्मले. चित्रकला, फोटोग्राफी, छपाई, जादूचे प्रयोग असं सगळं त्यांनी करून पाहिलं. १९११ साली मुंबईत त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा मूकपट पाहिला आणि सिनेमाच काढायचा असं मनाशी घेतलं. १९१२ मध्ये विलायतेला जाऊन कॅमेरा आणला. पण पैसा कोण देणार?

तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि समोर कॅमेरा ठेवला. महिनाभर थोडी थोडी चित्रं घेतली. ती सलग दाखवली तर दाण्याचा वेल मिनिटभरात वर चढताना दिसायचा! आपण शेतात रोज कोंब पाहतो, पण त्याला वाढताना कुणी पाहिलंय? ते पाहून कर्ज द्यायला माणसं तयार झाली.

आता सरस्वतीबाईंकडे येऊ. आमच्या मते खरी गोष्ट इथेच आहे. कोरी फिल्म यायची तेव्हा तिच्या कडेला भोकं नसत. ती पाडल्याशिवाय फिल्म कॅमेऱ्यात सरकत नाही. घरातलं आवरून झालं की रात्री अंधारात सरस्वतीबाई ही भोकं पाडत. शिलाई मशीन चालवणाऱ्या बायांना कळेल, अंतर चुकलं तर काय होतं! फिल्म धुण्याचं कामही त्या शिकल्या. वर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. अडचणीत दागिनेही गेले.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. तारामतीचं काम साळुंके नावाच्या पुरुषाने केलं, कारण बाई मिळेना. तो आधी खानावळीत कामाला होता. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये मात्र दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई पडद्यावर आल्या. लोकांनी नावं ठेवली असतील, पण मायलेकी उभ्या राहिल्या. पुढे ‘कालिया मर्दन’मध्ये बाळकृष्ण झाली ती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी.

१९१५ च्या सुमारास दादासाहेबांनी ‘आगकाड्यांची मौज’ केली. काडी जराशी सरकवायची, एक चित्र घ्यायचं, पुन्हा सरकवायची. कार्टूनचं मूळ हेच.

परवा बैठकीत आम्ही मोबाईलवर हा प्रयोग केला. काड्यापेटी चुलीजवळचीच होती. साठ फोटो काढले तर काडी चार पावलं चालली. सगळ्यांचा धीर सुटत होता. आणि एक लक्षात आलं, काडी एकदम जास्त सरकवली की ती चालत नाही, उडी मारते.