बार्नेट शेल : एका ‘शोधा’ची मीमांसा

मराठीत ‘शोध’ हा एकच शब्द तीन अर्थांनी योजला जातो : दडलेल्या वस्तूची धुंडाळणी, अज्ञात वस्तूचे प्रथम ज्ञान आणि पूर्वी नसलेल्या वस्तूची वा रीतीची निर्मिती. अमेरिकेतील टेक्सस राज्याच्या उत्तर भागात बार्नेट शेल या खडकातून नैसर्गिक वायू काढण्याचा इतिहास पाहिला म्हणजे हे तिन्ही अर्थ वेगळे करून पाहणे किती आवश्यक आहे, याचा प्रत्यय येतो. या शोधाचे श्रेय सामान्यतः जॉर्ज मिचेल (1919–2013) आणि त्यांची मिचेल एनर्जी ही कंपनी यांना दिले जाते. ते श्रेय नेमके कशाचे, हा विचारणीय प्रश्न आहे.

वायूचे अस्तित्व हा मिचेल यांचा शोध नव्हे. शेलमधून वायू निघतो, हे 1821 सालीच न्यूयॉर्क राज्यातील फ्रेडोनिया येथे विल्यम हार्ट यांच्या विहिरीने दाखवून दिले होते. द्रवाच्या दाबाने खडक तडकविण्याची रीतही 1947 मध्ये कॅन्ससमधील ह्यूगोटन क्षेत्रात अजमावली गेली होती. अडचण निराळी होती. शेलमध्ये वायू विपुल असला, तरी त्यातील रंध्रे इतकी सूक्ष्म असतात की, वायूला बाहेर पडण्यास वाट मिळत नाही. म्हणून भूवैज्ञानिक शेलला वायूचे उगमस्थान मानीत; भांडार मानीत नसत.

मिचेल या खडकाकडे वळले, त्यामागे जिज्ञासेइतकीच निकडही होती. शिकागोकडे वायू नेणाऱ्या एका वाहिनी-कंपनीशी त्यांचा दीर्घ मुदतीचा करार होता, आणि वाइज काउंटीतील त्यांच्या जुन्या विहिरी ओसरू लागल्या होत्या. 1981 मध्ये सी. डब्ल्यू. स्ले क्रमांक 1 ही विहीर बार्नेट थरापर्यंत नेण्यात आली. वायू लागला, परंतु खर्च भागेना. खडक तडकविण्यासाठी घट्ट, चिकट द्रव आणि पुष्कळ वाळू वापरली जाई, व ती रीत महाग होती. कंपनीतील अनेकांना हा उद्योग निष्फळ वाटत असतानाही मिचेल यांनी तो सोडला नाही.

1997 मध्ये कंपनीतील अभियंते निक स्टाइन्सबर्गर यांनी त्या द्रवाऐवजी मुख्यतः पाणी, अल्प वाळू आणि घर्षण कमी करणारे किंचित रसायन वापरून पाहिले. या कल्पनेचे बीज पूर्व टेक्ससमधील वालुकाश्मात दुसऱ्या कंपनीने केलेल्या प्रयोगांत होते. आरंभीच्या विहिरींनी निराशा केली. 1998 मधील एस. एच. ग्रिफिन इस्टेट क्रमांक 4 या विहिरीने मात्र रीत सिद्ध केली. खर्च घटला आणि उत्पन्न टिकले. 2002 मध्ये डेव्हन एनर्जीने मिचेल एनर्जी विकत घेतली व या रीतीस आडव्या विहिरींची जोड देऊन तिचा मोठा विस्तार केला.

या यशात शासनाचाही वाटा होता, हे विसरता येत नाही. 1970 नंतरच्या इंधनटंचाईत संघराज्य शासनाने पूर्वेकडील शेलच्या संशोधनास द्रव्य पुरविले, आणि 1980 च्या कायद्याने अशा वायूस करसवलत दिली. एकाकी उद्योजकाची कथा त्यामुळे खोटी ठरत नाही. अपुरी मात्र ठरते.

परिणामांची नोंदही तितकीच आवश्यक होय. बार्नेट क्षेत्रातीलच डेंटन शहराच्या मतदारांनी नोव्हेंबर 2014 मध्ये खडक तडकविण्यास बंदी घातली. 2015 मध्ये राज्याच्या विधिमंडळाने कायदा करून ती निष्प्रभ केली. स्वतः मिचेल यांनी 2012 मध्ये मायकेल ब्लूमबर्ग यांच्यासह लेख लिहून या उद्योगावर अधिक कडक नियंत्रणाची मागणी केली होती. दुसरीकडे, आयातीसाठी बांधलेल्या लुइझियानातील सबाइन पास बंदरातून 2016 मध्ये द्रवरूप वायूची निर्यात सुरू झाली, आणि मार्च 2018 मध्ये तेथील एक जहाज कोकणात दाभोळला लागले. त्यातील वायू बार्नेटचाच होता असे म्हणता येणार नाही. तथापि तो तेथवर पोहोचला, तो बार्नेटमध्ये सिद्ध झालेल्या रीतीमुळे अमेरिकेत आलेल्या विपुलतेतून.

तात्पर्य, खडक ठाऊक होता, वायू ठाऊक होता, साधनेही ठाऊक होती. नवा होता तो त्यांचा परवडणारा मेळ. मिचेल यांचे श्रेय वस्तूच्या प्रथम ज्ञानाचे नाही. सतरा वर्षे तोटा सोसून चालू ठेवलेल्या धुंडाळणीचे आहे. ‘शोध’ या शब्दाचा हा पहिला अर्थच इतिहासलेखनात बहुधा उपेक्षित राहतो.