सुलतानपूरचा जागल्या

नंदुरबार जिल्ह्याच्या शहादे तालुक्यात सुलतानपूर नावाचे एक गाव आहे. मोगल व मराठी अमदानीत हे परगण्याचे ठाणे होते, ही गोष्ट आज सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही. इ. स. १८०२ मध्ये यशवंतराव होळकरांच्या धामधुमीत ते लुटले गेले आणि पुन्हा पूर्वीसारखे वसले नाही. १६६६ मध्ये जेथे इंग्रजांनी वखार घातली होती, ते नंदुरबार शहरही १८१८ पर्यंत बरेच उतरणीस लागले होते.

त्या वर्षाचा राजकीय इतिहास हडपसरची लढाई व वसईचा तह यांनी व्यापलेला आहे. खानदेशच्या कुणब्यापुरती मोठी घटना निराळीच होती : पुढील दोन वर्षे जमीन नांगरली गेली नाही. १८०३-०४ चा दुष्काळ त्यातूनच ओढवला. त्याचा सगळा दोष पावसाच्या माथी मारता येणार नाही.

या अरिष्टाचा सर्वांत दूरगामी आघात जागल्यावर झाला, असे आम्हांस वाटते. खानदेशात जागल्या बहुधा भिल्ल असे. रात्री गस्त घालावी, चोराचा माग काढून तो शेजारच्या शिवेपर्यंत पोचवावा, आणि सुगीला खळ्यावरून धान्याचा वाटा न्यावा, असा त्याचा व गावाचा जुना करार होता. खळेच पडले नाही, तर वाटा कोठून मिळावा? आणि कुणबी परागंदा झाल्यावर राखण तरी कोणाची करावी? भिल्लांच्या टोळ्या सातपुड्यात जमल्या, व दुष्काळ सरल्यावर सपाटीवरील सधन गावांवर उतरू लागल्या. ज्याचे घर लुटले गेले त्या शेतकऱ्यास या कारणमीमांसेने समाधान वाटले नसते, हेही खरेच.

इंग्रजी अमलातील लेखनात ही लूटमार पुष्कळदा भिल्लांचा जातिस्वभाव म्हणून वर्णिलेली आढळते. परंतु १८८० चे खानदेश गॅझेटिअरच सांगते की, तत्पूर्वी ते रहिवाशांत मिसळून राहत व गावाचे विश्वासू राखणदार असत. ही नोंद आमच्या अभ्यासकांनी हवी तेवढी मनावर घेतलेली नाही.

१८२५ मध्ये औट्रमने भिल्ल पलटण उभारली, तिचे ठाणे धरणगावी होते. तीत भिल्लाच्या हाती पुन्हा राखणीचेच काम आले. मात्र मोबदला आता खळ्यावरून नव्हे, तर कंपनीच्या खजिन्यातून मिळू लागला.