शेक्सपिअरचा पलंग आणि त्याचा सरंजाम

शेक्सपिअरचे चरित्र शिकवताना त्याच्या मृत्युपत्राचा विषय निघाला, की वर्गात हशा ठरलेला असतो. २५ मार्च १६१६ रोजी सही झालेल्या त्या दस्तऐवजात पत्नीसाठी म्हणून नमूद केलेली वस्तू एकच, ती म्हणजे दुसऱ्या प्रतीचा पलंग. आणि तोही दोन ओळींच्या मध्ये मागाहून घातलेला. अठराव्या शतकात एडमंड मलोनने या कलमात पत्नीची अवहेलना पाहिली. पुढे जॉइसने ‘युलिसिस’मधील (१९२२) ग्रंथालयाच्या प्रकरणात त्यावर मनसोक्त कोट्या केल्या. या सगळ्या चर्चेत त्याच कलमातील एक शब्द मात्र बहुधा गळून पडतो. पलंग द्यायचा आहे तो ‘फर्निचर’सह. आम्हांला लिहायचे आहे ते या शब्दाविषयी.

आज फर्निचर म्हटले, की मेज-खुर्च्या डोळ्यांपुढे येतात. त्या काळी त्याचा अर्थ एखाद्या वस्तूचा सरंजाम असा होता; पलंगाच्या बाबतीत पडदे, चादरी, पांघरुणे, उशा असे सगळे. ‘बेड’ हा शब्दही तेव्हा आजच्याइतका स्थिर नव्हता. मालमत्तेच्या जुन्या याद्यांत ‘बेड’ म्हणजे पुष्कळदा नुसती गादी असते. लाकडी सांगाड्यास ‘बेडस्टेड’ हा वेगळा शब्द आहे. बिछाना निराळा आणि खाट निराळी, हा भेद मराठी वाचकास समजावून सांगण्याची गरज नाही.

सधन इंग्रज घरातला पलंग थरांनी रचलेला असे. चौकटीला भोके पाडून त्यांतून दोर आडवेउभे ओवीत आणि ताणून घट्ट करीत. आपल्याकडील सुंभाच्या बाजेशी त्याचे नाते सहज दिसते. दोरांवर लव्हाळ्याची चटई, तीवर पेंढ्याची गादी, तीवर लोकरीच्या गाळाची किंवा पिसांची मऊ गादी, मग चादरी आणि पांघरुणे. वर लाकडी छत असेल, तर चहूबाजूंनी पडदे. मापे ठरवून देणारा कारखाना तेव्हा नव्हता. एका छतासाठी बेतलेला पडदा दुसऱ्यावर टांगला, तर तो आखूड तरी पडणार किंवा जमिनीवर लोळणार. सांगाडा एकाकडे व सरंजाम दुसऱ्याकडे गेला, तर दोघांचीही पंचाईत. मृत्युपत्रातील ‘सह’ या शब्दामागे असा रोकडा व्यवहार आहे.

या वस्तूंचे मोलही ध्यानात घ्यावयास हवे. विल्यम हॅरिसनने इंग्लंडच्या वर्णनात (१५७७) गावातील म्हाताऱ्यांनी त्यांच्या हयातीत पाहिलेले तीन मोठे बदल नोंदवले आहेत. त्यांपैकी एक निजण्याच्या सोयीचा. पूर्वीची माणसे पेंढ्यावर निजत आणि उशाला लाकडाचा ओंडका घेत. लग्नानंतर सात वर्षांत ज्याला साधी गादी घेता आली, तो स्वतःला सुखवस्तू समजे.

पलंग आणि चादर यांच्या मापांचा मेळ त्या काळच्या प्रेक्षकांना इतका परिचयाचा होता, की त्यावर विनोद करता येई. ‘ट्वेल्फ्थ नाइट’च्या तिसऱ्या अंकात सर टोबी आपल्या मित्रास आव्हानाचे पत्र लिहावयास सांगतो. ‘शीट’ म्हणजे कागद आणि चादरही. तेव्हा कागद वेअरच्या पलंगाला पुरेल एवढा मोठा असला, तरी तो खोटेपणाने भरून काढ, असे तो सुचवतो. वेअर या गावच्या सराईतील हा पलंग कल्पित नाही. १५९०च्या सुमारास घडवलेला, सव्वातीन मीटरांहून अधिक लांब-रुंद असा तो १९३१ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाने विकत घेतला. एवढी चादर कोठून आणावी, हा प्रश्न पडल्याशिवाय तो विनोद कळत नाही.

हा मेळ आज कारखान्यांनी ठरवून दिला आहे, असे आपण समजतो. पण नावांनी तेथेही घोटाळा केला आहे. अमेरिकेतील ‘किंग’ गादी ७६ इंच रुंद, तर ब्रिटनमधील ‘किंग’ अवघी ६० इंच, म्हणजे अमेरिकेतील ‘क्वीन’एवढी. नावावर विसंबून चादर मागवणारा फसतो. शब्द तोच असला, तरी काळ आणि स्थळ बदलले की त्याचे माप बदलते. मृत्युपत्र वाचताना आपलीही गत तशीच झालेली असते.

यावरून शेक्सपिअरचे पत्नीवर प्रेम होते, असे सिद्ध होत नाही. उत्तम प्रतीचा पलंग पाहुण्यांसाठी असे, हाही एक तर्कच. परंतु ‘तिला एक जुनी खाट दिली’ हे विधान त्या कलमात नाही, एवढे निश्चित. मराठीत अनुवाद करताना म्हणूनच नुसते ‘पलंग’ लिहून थांबू नये. ‘सरंजामासह’ हा शब्द ठेवावा आणि वर्गात त्या शब्दापाशी थोडे थांबावे. मग हशा पिकला, तरी हरकत नाही.