पोटगीचा हुकूम आणि विलंबाची मोजणी

‘पोटगी’ या शब्दातच तिचे मर्म आहे. पोटाची गरज रोजची असते. न्यायालयाची मुदत मात्र तारखांनी मोजली जाते. पोटगीच्या हुकुमास दीर्घ विलंबानंतर आव्हान देणाऱ्यास कितपत वाव असावा, या प्रश्नाचा इतिहास म्हणजे या दोन कालगणनांतील विरोधाचा इतिहास होय.

1861 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत दंडाधिकाऱ्यास पोटगी देवविण्याचा अधिकार मिळाला. 1872 च्या संहितेचे प्रमुख शिल्पकार जेम्स फिट्झजेम्स स्टीफन यांनी या तरतुदीकडे भटकेपणा व त्याचे परिणाम रोखण्याचा उपाय म्हणून पाहिले. तिच्या मुळाशी पत्नीच्या हक्कापेक्षा समाजाच्या सुव्यवस्थेचा विचार अधिक होता. म्हणूनच ही कौटुंबिक बाब फौजदारी संहितेत आली आणि तिच्यासाठी जलद, संक्षिप्त पद्धती योजण्यात आली. 1898 च्या संहितेत ती कलम 488 झाली, तर 1973 च्या संहितेत कलम 125. दरमहा रकमेची कमाल मर्यादा 1955 मध्ये 500 रुपये करण्यात आली. 2001 मध्ये ती मर्यादाच काढून टाकण्यात आली.

प्रतिपक्ष जाणूनबुजून समन्स टाळतो किंवा हजर राहत नाही, अशी खात्री पटल्यावरच एकतर्फी हुकूम करता येतो. तो रद्द करून घेण्यासाठी हुकुमाच्या तारखेपासून तीन महिन्यांत अर्ज करून सबळ कारण दाखवावे लागते. आता ‘तारीख’ कोणती? शब्दशः पाहता ती हुकुमाची. परंतु ज्याला हुकुमाची वार्ताच नव्हती, त्याच्या बाबतीत ती कळल्याची तारीख धरावी, असा अर्थ अनेक उच्च न्यायालयांनी लावला. एका शब्दाच्या अर्थावर कोणाची थकबाकी, तर कोणाची चूल अवलंबून राहिली.

1908 च्या मुदतीच्या कायद्यात कलम 5 ची विलंबमाफी मुख्यतः अपिलांपुरती व काही ठराविक अर्जांपुरती होती. 1963 च्या कायद्याने तिचे क्षेत्र वाढविले. विलंबाच्या लांबीपेक्षा त्याचे स्पष्टीकरण पटण्याजोगे आहे की नाही हे महत्त्वाचे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्ये सांगितले. 1984 च्या कायद्याने स्वतंत्र कुटुंब न्यायालयांची तरतूद केली. 1991 च्या दुरुस्तीनंतर, संहितेखालील पोटगीच्या हुकुमाविरुद्ध अपील न राहता उच्च न्यायालयातील पुनरीक्षणाचा मार्ग उरला.

तथापि, घड्याळ केवळ पतीसाठी नाही. थकलेली रक्कम देय झाल्यापासून एक वर्षात वसुलीचा अर्ज न केल्यास त्या रकमेसाठी वॉरंट निघत नाही. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, यामुळे थकबाकीवरील हक्क नष्ट होत नाही. अटकेसारखा कठोर उपायच तेवढा बंद होतो. वकिलासाठी पैसे नसलेल्या स्त्रीस हा भेद फार मोलाचा आहे.

यावरून एक निष्कर्ष निघतो. पोटगीच्या कायद्याने भूतकाळ व भविष्यकाळ वेगळे ठेवले आहेत. परिस्थिती बदलल्यास रक्कम कमी-जास्त करून मागण्यास मुदतीचे बंधन नाही. 1973 च्या संहितेचे कलम 127 आणि 1 जुलै 2024 पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 146 यांत तो मार्ग आहे. म्हणून, नोकरी गेली असे म्हणणाऱ्याने त्याच वेळी हा मार्ग धरावा. वर्षानुवर्षे मौन पाळून, वसुलीचे वॉरंट येताच मूळ हुकूमच चुकीचा होता असे म्हणू नये. याउलट, ज्याच्यावर समन्स खरोखरच बजावले गेले नाही, त्याचा विलंब हा त्याचा दोष मानणे अन्यायाचे ठरेल. विलंबमाफीची खरी कसोटी दिवसांच्या संख्येत नसून या भेदात आहे. मात्र तो भेद पारखेपर्यंतही पोट थांबत नाही. यास्तव आव्हान ऐकून घेताना थकबाकीचा काही भाग भरण्याची अट न्यायालये पुष्कळदा घालतात, ती केवळ तांत्रिक समजू नये.